आमची वाटचाल : नव्या प्रतीकडून मूळ छायाचित्राकडे

आमच्या व्यवसायाची सुरुवात जुन्या छायाचित्रांवरून नव्या प्रती करून देण्यापासून झाली. फाटलेला कोपरा जोडायचा, डाग काढायचे, फिकट चेहरा उठावदार करायचा, एवढेच काम होते. मूळ छायाचित्र ज्या पाकिटातून येई त्याच पाकिटातून परत जाई. पुढे तीच कुटुंबे तीच छायाचित्रे घेऊन पुन्हा येऊ लागली आणि मधल्या काळात मूळ प्रतीवर बुरशी चढलेली दिसू लागली, तेव्हा कामाचा रोख बदलणे भाग पडले.

उष्ण प्रदेशात छायाचित्राचा मुख्य शत्रू म्हणजे हवेतील दमटपणा. कृष्णधवल छायाचित्रातील चांदीचे कण ज्या जिलेटिनच्या थरात असतात, तो ओल शोषून फुगतो, मऊ होतो आणि तसबिरीच्या काचेला चिकटतो. सापेक्ष आर्द्रता ६५-७० टक्क्यांच्या वर टिकून राहिली, की बुरशी त्याच थरावर पोसते. कसरीलाही तो आवडतो. बुरशीने पोखरलेले जिलेटिन पाण्यात विरघळू लागते, त्यामुळे ओल्या बोळ्याने पुसण्याचा घरगुती उपाय डागाबरोबर चेहराही घेऊन जातो. असे छायाचित्र आम्ही आधी कोरड्या हवेत वाळू देतो आणि मगच मऊ कुंचल्याने झटकतो. काचेला चिकटलेले छायाचित्र ओढून काढून देण्याचा आग्रह अनेक जण धरतात. तो आम्ही मानत नाही. काचेसकट स्कॅन करतो.

रंगीत छायाचित्रांतील रंगद्रव्ये अंधारातही उष्णतेने क्षीण होत जातात. उडालेला रंग संगणकावर परत आणता येतो, मूळ कागदावर नाही, हे काम स्वीकारतानाच सांगितलेले बरे.

लॅमिनेशनला मागणी भरपूर होती, तरी आम्ही ते बंद केले, कारण उष्णतेने बसवलेले ते आवरण पुन्हा सुखरूप काढता येत नाही. चिकट पानांच्या अल्बमऐवजी आम्ही आम्लविरहित कागदाची पाकिटे देतो. दमट हवेत गुळगुळीत प्लॅस्टिकला छायाचित्र चिकटण्याची भीती असते, कागदात ती कमी. ओल शोषणाऱ्या सिलिका जेलच्या पुड्या मात्र घट्ट झाकणाच्या डब्यातच उपयोगी पडतात, आणि त्याही वेळोवेळी तापवून कोरड्या कराव्या लागतात.

अलीकडे जुन्या निगेटिव्हही बऱ्याच येतात. ॲसिटेट या प्लॅस्टिकच्या फिल्मला व्हिनेगरसारखा आंबट वास येऊ लागला असेल, तर ती इतरांपासून लगेच वेगळी ठेवतो, कारण तिच्यातून निघणारी आम्लाची वाफ शेजारच्या निगेटिव्हही खराब करते; अशा डब्याचे स्कॅनिंग आम्ही रांग मोडून आधी करतो.