अरबी तारानावांची शीट: समर ट्रँगल उरकला

पावसाळाभर ढगच होते म्हणून निदान एक्सेल शीट तरी पुढे ढकलली. आपण सरसकट "अरबी नाव" म्हणतो ना, त्यात दोन वेगळे प्रकार आहेत, सध्या तेच निवडत बसलोय. एक म्हणजे अरबस्तानातले लोक टॉलेमी (दुसऱ्या शतकातला ग्रीक खगोलशास्त्रज्ञ) वाचायच्या आधीपासून वापरायचे ती नावं. दुसरी म्हणजे टॉलेमीने कॅटलॉगमध्ये ताऱ्याची जागा सांगितली होती, शेपटी, पाय, माशाचं तोंड वगैरे, तिचंच 9व्या शतकापासून अरबी झालं, मग लॅटिनवाल्यांनी तेच उचललं आणि ते नाव होऊन बसलं.

समर ट्रँगलमध्ये (डेनेब, व्हेगा आणि अल्टेअर या तीन ठळक ताऱ्यांचा त्रिकोण) दोन्ही सापडतात. डेनेब म्हणजे ढनब, शेपटी, अख्खं "कोंबडीची शेपटी", हे टॉलेमीच्या पक्ष्यावरून (आजचा हंस तारकासमूह) आलेलं. पण अभिजित (व्हेगा) आणि श्रवण (अल्टेअर) अस्सल तिकडचे, एक खाली उतरणारा गरुड आणि एक उडणारा. टॉलेमीकडे व्हेगा वीणेत आहे, गरुड वगैरे काही नाही. श्रवणाच्या दोन्ही बाजूचे तारे म्हणजे पसरलेले पंख, ते माझ्या गच्चीवरून लाइट पोल्यूशनमध्येही दिसतात, व्हेगाचे मिटलेले पंख (एप्सिलॉन आणि झीटा) मात्र बायनॉक्युलर लावल्यावरच, आणि एप्सिलॉन त्यात मस्त डबल दिसतो, बघाच. श्रवणाच्या त्या पंखांची आजची नावं आहेत अल्शेन आणि ताराझेद, ती मात्र फारसीतून, शाहीन-तराजू म्हणजे तराजूची दांडी. हो, आपलाच बाजारातला तराजू!

ही निवड करताना सगळ्यात उपयोगी पडला इराणी खगोलशास्त्रज्ञ अल-सूफी. इ.स. 964 च्या ग्रंथात तो प्रत्येक तारकासमूहाचा टॉलेमीचा हिशोब देतो आणि अरब लोक त्याच ताऱ्यांना काय म्हणतात तेही सांगतो, शिवाय चित्रं दोन-दोन, आकाशात दिसतं तसं आणि गोलावर दिसतं तसं. माझ्या शीटचे कॉलम त्याने हजार वर्षांपूर्वीच पाडून ठेवलेत म्हणा ना.

धनिष्ठावाल्यांनी सावध राहा. त्यातल्या दोन ताऱ्यांची नावं, सुआलोसिन आणि रोटानेव, वाचायला अरबी वाटतात, पण ती इटलीतल्या पालेर्मो वेधशाळेच्या 1814 च्या कॅटलॉगमधून आलीत. तिथल्या असिस्टंटचं, निकोलो काचातोरेचं, लॅटिन नाव निकोलाउस व्हेनाटोर उलटं लिहिलंय. नुसता आगाऊपणा, पण आयएयूच्या (आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्र संघटनेच्या) यादीत अधिकृत आहे.

पुढचं काम विशाखा. झुबेनेलगेनुबी, म्हणजे विंचवाची दक्षिण नांगी, टॉलेमीकडेही नांग्याच आणि अरबांच्या चांद्र नक्षत्रांतही झुबाना, म्हणजे नांग्याच, त्यामुळे तो कुठल्या कॉलममध्ये टाकायचा यावर अडलोय. कुणी तिसरा कॉलम केलाय का?