ऱ्होडेशियन एअर ट्रेनिंग ग्रुपची मांडणी : नोंद सातवी

मागच्या नोंदीच्या वेळी १:७२ प्रमाणातील टायगर मॉथ या प्रशिक्षण विमानाची प्रतिकृती रंगकामापर्यंत आली होती. आता ती पूर्ण झाली असून हार्वर्ड या दुसऱ्या विमानाला पिवळा रंग चढला आहे आणि ऑक्सफर्ड या तिसऱ्याची दोन्ही इंजिने पंखांवर बसली आहेत. तरीही या महिन्यातील बहुतेक वेळ विमानांवर गेला नाही, तर त्यांच्याखालच्या फळीवर गेला, कारण तिच्यावरील विमानतळांची रचना मला मुळापासून मोडावी लागली.

ऱ्होडेशियन एअर ट्रेनिंग ग्रुप हा दक्षिण ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झिम्बाब्वेत, १९४० साली उभा राहिलेला ब्रिटिश हवाई दलाचा प्रशिक्षण गट. युद्धभूमीपासूनचे अंतर आणि वर्षातील बराच काळ निरभ्र असणारे आकाश या दोन कारणांसाठी तो प्रदेश निवडला गेला. चार्ल्स मेरेडिथ यांच्या नेतृत्वाखाली मे १९४० मध्ये सालिस्बरीच्या (आजच्या हरारेच्या) बेल्व्हेडिअर तळावर पहिली उड्डाणशाळा सुरू झाली आणि महायुद्ध संपेपर्यंत गटातून आठ हजारांहून अधिक वैमानिक व इतर हवाई कर्मचारी बाहेर पडले.

माझी चूक शाळांच्या क्रमांकांत झाली. २० ते २८ हे आकडे पाहून मी तळ त्याच क्रमाने एका ओळीत मांडले होते. प्रत्यक्षात प्राथमिक शाळांना २५ ते २८ आणि त्यापुढच्या प्रगत शाळांना २० ते २३ हे क्रमांक होते. म्हणजे विद्यार्थी मोठ्या आकड्याकडून लहान आकड्याकडे जात असे. बेल्व्हेडिअरची २५ वी आणि क्रॅनबोर्नची २० वी या दोन्ही शाळा सालिस्बरीच्याच. ग्वेलोजवळ गिनी फाउल आणि थॉर्नहिल, तर बुलावायोजवळ इंदुना आणि कुमालो अशा जोड्या लागतात. त्यामुळे आता फळीवर एक ओळ नसून तीन शहरांभोवतीचे तीन पुंजके आहेत, आणि टायगर मॉथपासून निघणारी वाट दुभंगते : एक फाटा क्रॅनबोर्न व थॉर्नहिल येथील एक इंजिनाच्या हार्वर्डकडे, तर दुसरा कुमालो व हीनी येथील दोन इंजिनांच्या ऑक्सफर्डकडे जातो. १३० अश्वशक्तीच्या विमानातून उतरलेला मुलगा ६०० अश्वशक्तीच्या हार्वर्डमध्ये बसत असे, ही झेप प्रतिकृती शेजारी ठेवल्यावर लगेच कळते. टायगर मॉथचा पंखविस्तार १२.४ सेंटिमीटर भरतो, हार्वर्डचा १७.८.

पिवळ्या रंगाने मात्र अंत पाहिला. करड्या अस्तरावर तो तीन हात देऊनही मळकटच दिसत होता. सर्व खरवडून फिकट गुलाबी अस्तर दिल्यावर दोन पातळ हातांत काम झाले. सालिस्बरीच्या तांबड्या मातीसाठी विकतची पूड न आणता चाळलेल्या वाळूत गेरू मिसळला, आणि तो विकतच्या पुडीपेक्षा सरस उतरला असे माझे मत आहे.

क्रॅनबोर्नच्या फाटकावर दोन आफ्रिकी पहारेकरीही उभे केले आहेत. तळांची राखण आणि अंगमेहनतीची कामे एअर अस्करी कोअरमधील स्थानिक आफ्रिकी माणसे करीत, पण वैमानिकाची जागा त्यांना खुली नव्हती. छंदातील बहुतेक मांडण्यांत ती दिसत नाहीत, म्हणून मी त्यांना विमानांच्या आधी रंगवले.

फळीचा उजवा कोपरा युद्धोत्तर काळासाठी राखला आहे. गट पुन्हा उभा राहिला तो आटोपशीर रूपात, मुख्यतः हीनी आणि थॉर्नहिल येथे, आणि १९५४ मध्ये तो बंद झाला. या कोपऱ्यासाठी अ‍ॅन्सन विमानाचा टी-२० हा प्रकार हवा, जो दक्षिण ऱ्होडेशियातील दिशादर्शकांच्या प्रशिक्षणासाठीच तयार झाला होता. त्याचे पारदर्शक नाक कोणत्याही संचात मला मिळाले नाही; लाकडी साच्यावर तापवलेला प्लॅस्टिकचा पत्रा ओढून पहिला प्रयत्न केला, तो मधोमध फाटला. दुसरा साचा घासून तयार आहे.