‘किंग बॉक्सर’ची सबटायटल्स: हरवलेल्या ३६ फ्रेम्स सापडल्या!

‘किंग बॉक्सर’ या हाँगकाँगच्या कुंग फू सिनेमाला मी मराठी सबटायटल्स करतेय. जुळलं एकदाचं! तीन आठवडे छळल्यावर काल रात्री ओळी शेवटच्या मारामारीपर्यंत जागच्या जागी बसल्या.

माझ्या ओळींच्या वेळा जुन्या, सेकंदाला २५ फ्रेम्सच्या (चित्रांच्या) कॉपीवरच्या आणि नवी डिस्क २३.९७६ ची, हे मागे सांगितलंच होतं. दहाव्या मिनिटालाच ओळी २५ सेकंद आधी उगवायच्या. ते सोपं निघालं. ‘सबटायटल एडिट’मध्ये रेट बदलला, वेळा १.०४२७ पट ताणल्या, पूर्वार्ध चपखल बसला. (या कामाला याच्याइतकं सरळ सॉफ्टवेअर मला दुसरं मिळालेलं नाही.) पण उत्तरार्धात माणसाने तोंड उघडायच्या आधीच त्याचं वाक्य खाली हजर! रेट थोडा बदलावा, तर पूर्वार्ध बिघडे. ओठ बघून मोजावं, तर संवाद डब केलेले, ओठ मुळातच मागेपुढे.

वाट दाखवली सायरनने. नायक झालेल्या लो लिएचे तळहात लाल होतात तेव्हा क्विन्सी जोन्सच्या ‘आयर्नसाइड’च्या संगीतातला तो सायरन वाजतो. वेव्हफॉर्ममध्ये, म्हणजे आवाजाच्या आलेखात, तो भिंतीसारखा उभा दिसतो. पहिल्या सायरनला फरक दीड सेकंद, शेवटच्यालाही दीडच! रेट चुकला असता तर फरक वाढत गेला असता. म्हणजे जुन्या कॉपीतला तुकडाच गायब, ३६ फ्रेम्सचा. मागे मागे शोधत गेले. एका ठिकाणी दाराला हात लागतो आणि पुढच्या क्षणी माणूस खोलीच्या मधोमध. तिथून पुढच्या सगळ्या ओळी दीड सेकंद सरकवल्या, आणि बसल्या.

दुसरा आनंद शब्दाचा. कुंग फू शिकवणाऱ्याला ‘गुरुजी’ लिहिलं की शाळामास्तर डोळ्यांपुढे येई. कोल्हापूरचा मामा शेजारी बसून बघत होता. म्हणाला, “अगं, हा तर वस्ताद!” मग कुंग फूच्या स्कूलची तालीम झाली, शिष्याचा पठ्ठ्या. म्हाताऱ्या वस्तादाने आपला पठ्ठ्या मोठ्या तालमीत धाडणं हे मामाला समजावून सांगावंच लागलं नाही.

फ्रेम-फ्रेम चाळताना दिग्दर्शक चोंग चांग-ह्वाचं कसब कळलं. फटक्याआधी तो डोळ्यांवर झूम करून थांबतो, मग हात सोडतो. १९५३ पासून कोरियात सिनेमे करणारा, कोरियन दिग्दर्शक इम क्वोन-तेक ज्याच्या हाताखाली शिकला तो हा माणूस, साठच्या दशकाच्या अखेरीस हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स स्टुडिओकडे आला. १९७२ चा हा सिनेमा वॉर्नरने मार्च १९७३ मध्ये अमेरिकेत लावला, ब्रूस लीच्या ‘एंटर द ड्रॅगन’च्या पाच महिने आधी. लोक चोंगला लाल तळव्यांपुरताच ओळखतात, याचं मला खरंच वाईट वाटतं.

पुढे चोंगचाच, गोल्डन हार्वेस्ट कंपनीचा ‘स्कायहॉक’ (१९७४) ठरला होता. पण त्यातला क्वान ताक-हिंगने रंगवलेला कुंग फूचा लोकनायक वाँग फेइ-हुंगही वस्तादच, शब्द तयार आहेत. हे लिहितानाच बेत बदलतेय: आधी चोंगचाच ‘ब्रोकन ओथ’ (१९७७), नायिका अँजेला माओ. मठात भिक्षुणींनी वाढवलेली मुलगी आपल्या गुरूला काय म्हणेल? तिथे वस्ताद चालणार नाही, आणि ‘माताजी’ मला नको. कोणाला सुचलं तर कळवा, शनिवारी पहिली रीळ सुरू करतेय.