चंद्रचूड बापलेक आणि एकच घटना

आमच्या ग्रुपमधला एकजण गंगापूर रोडला मिसळ खाता खाता दर वेळी हेच सुरू करतो, की घटनेत जे लिहिलंय तेच जजनी वाचावं, काळ बदलला म्हणून नवीन अर्थ काढणारे हे कोण, त्यासाठी संसद आहे ना. मुद्दा अगदीच फालतू नाहीये.

पण मग पीनल कोडमधलं ते जुनं कलम ४९७ बघा, व्यभिचाराचं. दुसऱ्याच्या बायकोशी संबंध ठेवले तर पुरुषाला शिक्षा, पण नवऱ्याची संमती असेल तर गुन्हाच नाही! म्हणजे बायको काय नवऱ्याच्या सातबाऱ्यावरची जमीन आहे का. तरी १९५४ ला सुप्रीम कोर्टाने ते टिकवलं, १९८५ ला तेव्हाचे सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूडांनी पण टिकवलं आणि २०१८ ला पाच जजच्या बेंचने उडवलं, त्यात त्यांचेच चिरंजीव धनंजय होते. घटनेच्या कलम १४, १५ मधले समानतेचे शब्द तर जसेच्या तसे होते, बाईकडे बघायची नजर तेवढी बदलली.

घटनेतल्या कलम २१ चं, म्हणजे जगण्याच्या आणि स्वातंत्र्याच्या हक्काचं पण तसंच, १९५० ला गोपालन केसमध्ये कोर्ट म्हणालं कायद्याने प्रोसिजर ठरवलीय ना मग झालं, आणि १९७८ ला मनेका गांधींच्या पासपोर्टच्या केसमध्ये म्हणालं की नुसती प्रोसिजर नको, ती न्याय्य पण पाहिजे.

फक्त "समाज बदलला म्हणून अर्थ बदलला" हे मला पटत नाही हां. समाजाला विचारूनच अर्थ लावायचा तर १९३० ला आपल्या नाशिककरांना विचारलं असतं की काळारामाचे दरवाजे दलितांना उघडायचे का, तर काय उत्तर आलं असतं? बाबासाहेबांचा सत्याग्रह १९३५ पर्यंत चालला तरी दरवाजे बंदच. तेच बाबासाहेब ४ नोव्हेंबर १९४८ ला घटना समितीत सांगतात की घटनात्मक नैतिकता, म्हणजे घटनेतली मूल्यं मानून वागणं, माणसात उपजत नसते, ती जोपासावी लागते. २०१८ ला समलिंगी संबंध गुन्हा नाहीत म्हणणाऱ्या कलम ३७७ च्या निकालात जजनी नेमकं हेच धरलं, बहुसंख्य लोकांना काय रुचतं ते बाजूला ठेवलं.

जज काही देव नाहीत, आणीबाणीत १९७६ ला अटकेविरुद्ध कोर्टात दादच मागता येणार नाही असा जबलपूर केसचा निकाल चार विरुद्ध एक देऊन बसलेच होते, त्या चारात थोरले चंद्रचूड पण होते, आणि २०१७ ला प्रायव्हसीच्या केसमध्ये तो निकाल चुकीचा होता हे पुन्हा धाकट्यांनीच लिहिलं. आणि २०२३ ला समलिंगी लग्नाच्या वेळी हे संसदेचं काम म्हणून कोर्टाने हात वर केले, तिथे मला ते जरा कचरल्यासारखंच वाटलं, कारण ४९७ तरी संसदेने कुठे काढलं होतं, १८६० च्या पीनल कोडपासून पडूनच होतं की.