एकाच प्रोसेसमध्ये दोन लॉगर

एका प्लगइनकडे, म्हणजे मुख्य प्रोग्रामला जोडलेल्या पूरक भागाकडे, सोपवलेले काम सलग दोन दिवस होत नव्हते आणि लॉगमध्ये, म्हणजे प्रोग्रामच्या नोंदवहीत, त्या प्लगइनची एकही ओळ सापडत नव्हती. ओळच नाही म्हणजे ते लोडच होत नसावे, अशी समजूत करून घेऊन मी पहिला अख्खा दिवस मुख्य प्रोग्रामचे कॉन्फिगरेशन तपासण्यात घालवला. ही समजूत चुकीची होती. प्लगइन लोड होत होते, त्याचे काम फसत होते आणि ते फसल्याची नोंदही इमानेइतबारे लिहीत होते. फक्त ती नोंद ज्या फाईलमध्ये जात होती, ती फाईल डिस्कवर कोणत्याही नावाने उरलेली नव्हती.

आमचा मुख्य प्रोग्राम लॉग लिहिण्यासाठी सामायिक लायब्ररी वापरतो, म्हणजे लिनक्सवरची एसओ प्रकारची फाईल, जी लोडर प्रोग्राम सुरू होताना मेमरीत आणतो. प्रोग्राम आणि प्लगइन या दोहोंवर मी एलडीडी ही लागणाऱ्या लायब्ररींची यादी दाखवणारी आज्ञा चालवून पाहिली. प्रोग्रामच्या यादीत ही लायब्ररी एकदाच होती, प्लगइनच्या यादीत ती नव्हतीच, आणि त्यामुळे प्लगइन आमचीच प्रत वापरत असणार असे मी धरून चाललो. अखेर प्रॉक फाईलसिस्टिममध्ये, म्हणजे चालू प्रोसेसची माहिती लिनक्स जिथे फायलींच्या रूपात दाखवते तिथे, जाऊन त्या प्रोसेसच्या उघड्या फायली पाहिल्या तेव्हा उलगडा झाला. 5 क्रमांकाच्या डिस्क्रिप्टरवर (डिस्क्रिप्टर म्हणजे प्रोसेसने उघडलेल्या फाईलला मिळणारा क्रमांक) चालू लॉग होता, तो अपेक्षितच होता. 11 क्रमांकावर मात्र त्याच लॉगचे जुने नाव होते, शेवटी 5 हा आकडा लागलेले, आणि त्यापुढे कंसात ‘डिलीटेड’ असा शेरा.

प्लगइन बांधणाऱ्यांनी तीच लॉग लायब्ररी स्टॅटिक पद्धतीने आपल्या फाईलमध्ये मुरवून घेतली होती आणि तिची सिंबॉल, म्हणजे आतल्या फंक्शनांची आणि चलांची नावे, बाहेरून दिसणार नाहीत अशी लपवली होती. एलडीडी फक्त बाहेरच्या अवलंबित फायली सांगते. पोटात गिळलेली प्रत तिला दिसत नाही. अशा रीतीने एकाच प्रोसेसमध्ये एकाच लायब्ररीच्या दोन प्रती नांदत होत्या, दोघींची स्टॅटिक चले वेगळी, दोघींचे म्युटेक्स, म्हणजे एका वेळी एकानेच लिहावे म्हणून घालायचे कुलूप, वेगळे, आणि दोघींनी एकच कॉन्फिगरेशन वाचून एकच लॉग फाईल उघडलेली. एकीने घातलेले कुलूप दुसरीच्या गावीही नव्हते.

पुढचे सगळे रोटेशनने केले. लॉग ठरावीक आकाराचा झाला की लायब्ररी चालू फाईलच्या नावाला 1 जोडते, जुन्या फायलींचे आकडे एकेकाने वाढवते, पाचच्या पुढची फाईल काढून टाकते आणि मूळ नावाने नवी फाईल उघडते. युनिक्समध्ये उघडलेला डिस्क्रिप्टर फाईलच्या नावाला नव्हे, तर आयनोडला, म्हणजे नावामागच्या प्रत्यक्ष फाईलच्या नोंदीला, बांधलेला असतो. त्यामुळे मुख्य प्रोग्रामच्या प्रतीने नाव बदलले तरी प्लगइनची प्रत जुन्या आयनोडवरच लिहीत राहिली. प्लगइन मितभाषी असल्याने त्याच्या स्वतःच्या मोजणीनुसार रोटेशनची वेळ कधी आलीच नाही. मुख्य प्रोग्राम मात्र भरपूर लिहितो. त्याने पाच वेळा फायली सरकवल्या, सहाव्या वेळी त्या जुन्या फाईलचे शेवटचे नावही गेले, आणि तिथून पुढे प्लगइनचे प्रत्येक वाक्य निनावी आयनोडमध्ये पडत राहिले. प्रोसेस जिवंत असेपर्यंत ती जागाही मोकळी होत नाही, म्हणून डीयू (फायलींनी व्यापलेली जागा मोजणारी आज्ञा) आणि डीएफ (डिस्कवरची वापरलेली व मोकळी जागा सांगणारी आज्ञा) यांच्या आकड्यांत फरक दिसतो. सुदैवाने प्रोसेस बंद केलेली नव्हती. त्याच 11 क्रमांकाच्या नोंदीवर कॅट ही फाईलचा मजकूर दाखवणारी आज्ञा चालवल्यावर दोन दिवसांच्या सर्व त्रुटी जशाच्या तशा वाचता आल्या. त्या वेळी कोणी ‘आधी रीस्टार्ट करून पाहू’ म्हणाले असते आणि मी ऐकले असते, तर हा पुरावा कायमचा गेला असता.

लॉग लायब्ररीच्या अशा लपलेल्या प्रतींचा त्रास जावाच्या जगाने डिसेंबर 2021 मध्ये फार मोठ्या प्रमाणावर भोगला. लॉगफोरजे 2 या जावाच्या लॉग लायब्ररीमधील लॉगफोरशेल नावाने गाजलेल्या सुरक्षेच्या दोषावर दुरुस्ती म्हणून 2.15.0 ही आवृत्ती आली, ती अपुरी ठरून 2.16.0 आली, आणि त्याच महिन्यात 2.17.0 व 2.17.1 याही आल्या. नवी जार फाईल (जावाचा कोड एकत्र बांधलेली फाईल) ठेवणे अवघड नव्हते. जुनी कुठे कुठे आहे हे शोधणे अवघड होते, कारण अनेक उत्पादनांनी ती आपल्या जारच्या आतल्या जारमध्ये, काही वेळा पॅकेजचे नाव बदलूनही, भरलेली होती. फाईलच्या नावाने शोधणाऱ्याला ती सापडत नसे, म्हणून जारच्या आत शिरून क्लासच्या पातळीवर शोध घ्यावा लागे.

माझे मत असे की दुसऱ्याच्या प्रोसेसमध्ये राहायला येणाऱ्या कोडने स्वतःचा लॉगर आणूच नये. जावात एसएलएफफोरजे हेच साधते: लायब्ररी केवळ इंटरफेसला हाक मारते आणि प्रत्यक्ष लिहिणारा कोण हे अॅप्लिकेशन ठरवते. सी भाषेतही ही सोय जुनी आहे. ध्वनी-चित्रफिती हाताळणारे एफएफएमपेग आपले संदेश कोणत्या फंक्शनकडे द्यायचे ते विचारते, एसक्यूलाइट हा डेटाबेसही त्रुटीनोंदींसाठी कॉलबॅक, म्हणजे वेळ आल्यावर हाक मारायचे आपण दिलेले फंक्शन, स्वीकारतो. फाईल कुठे, रोटेशन कधी, कुलूप कोणाचे, हे सगळे एका जागी राहते.

(लायब्ररी नव्याने बसवण्याविषयीही एक गोष्ट सांगून ठेवतो. चालू प्रोसेसने मेमरीत घेतलेल्या एसओ फाईलवर सीपी या कॉपी करणाऱ्या आज्ञेने नवी फाईल उतरवू नये; सीपी त्याच आयनोडचा मजकूर बदलते आणि प्रोसेस पायाखालची जमीन सरकल्यासारखी कोसळू शकते. नवी फाईल शेजारी ठेवून एमव्ही या आज्ञेने नाव बदलावे, आणि मग प्रोसेस रीस्टार्ट करावी, नाहीतर ती जुनीच प्रत वापरत राहते.)

प्लगइन बनवणाऱ्यांना मी दोन्ही डिस्क्रिप्टरांच्या नोंदींसह सविस्तर लिहिले. कॉलबॅकची सोय पुढील आवृत्तीत देऊ, असे त्यांचे उत्तर आले आहे. तोवर प्लगइनला वेगळ्या नावाची लॉग फाईल नेमून दिली आहे, आणि प्रोग्राम सुरू झाल्यावर लगेच आपल्याच उघड्या फायलींची यादी वाचून एकच आयनोड लिहिण्यासाठी दोनदा उघडलेला आढळला तर तसा इशारा लिहिणारी छोटी तपासणी मी जोडली आहे. तो इशारा लॉगमध्ये न जाता स्टँडर्ड एररवर, म्हणजे त्रुटी-संदेशांच्या वेगळ्या वाटेवर, जातो.