तुम्ही विचारलंत म्हणून: एका लायसन्स फाइलसाठी एवढा जीव का काढता?

नव्या सर्व्हरवर डीबीटू, म्हणजे आयबीएमचं डेटाबेस सॉफ्टवेअर, बसवलं की पहिल्याच दिवशी मी विचारतो, "लायसन्सची फाइल कुठंय?" आणि दरवेळी मलाच उलट विचारलं जातं, "पैसे भरलेत ना आपण? मग घाई कसली?"

हे वाक्य एके काळी माझंच होतं. तेव्हा फाइल टाकली नाही तर ९० दिवसांची ट्रायल चालायची. काम एका सहकारी बँकेचं. खरेदी झाली, हक्काचं प्रमाणपत्र पीडीएफमध्ये आलं, मी प्रिंट काढून फायलीला लावलं आणि निवांत झालो. तो कागद ऑडिटरसाठी. सॉफ्टवेअरला लागते ती 'डॉट एलआयसी' फाइल वेगळी. ती डाउनलोड करून रजिस्टर करावी लागते. हे मला माहीत नव्हतं असं नाही. नंतर करू म्हटलं, आणि राहिलं.

पॅच, म्हणजे दुरुस्तीचा अपडेट, टाकायला रात्री दोनला इन्स्टन्स, म्हणजे चालू असलेलं डीबीटू, बंद केला. परत सुरू करायला गेलो तर एरर आली, एसक्यूएल ८००८ एन: वैध लायसन्स नाही, मुदत संपली. महिन्याची पहिली तारीख, म्हणजे पेन्शनचा दिवस. डाउनलोडचं खातं खरेदी विभागातल्या ज्या गृहस्थांच्या नावावर होतं ते रात्रीच्या गाडीने गावी निघालेले, फोन लागेना. साडेदहाला शाखेतून मॅडमचा फोन आला. "सर, बाकड्यांवर जागा उरली नाही. म्हातारी माणसं उभी आहेत. त्यांना काय सांगू?" मी गप्प राहिलो. ती शांतता अजून कानात आहे.

फाइल हातात आली तेव्हा साडेअकरा वाजले होते. आधी उघडून पाहिली. साधी मजकुराची फाइल: वर चौकटी कंसात 'लायसन्स सर्टिफिकेट', त्याखाली चेकसम (फाइल बदललेली नाही हे तपासायचा आकडा), पुढे उत्पादनाचं नाव, आणि मुदत ३१ डिसेंबर २०३७ पर्यंत. डीबीटू-एलआयसीएम या लायसन्स रजिस्टर करायच्या कमांडची एक ओळ चालवली. दहा सेकंदांत काम झालं.

त्या गृहस्थांना मी बराच काळ दोष दिला. चूक माझी होती.

आता तुम्ही म्हणाल, ११.५ या आवृत्तीपासून फाइल नसली तरी डीबीटू बंद पडत नाही. खरंय. पण ११.५ मध्ये ते प्रोसेसरचे चार कोअर आणि १६ जीबी मेमरी यांच्या पुढे जात नाही. मशीनमध्ये ६४ जीबी घातलेली असते आणि रिपोर्ट रखडतात, म्हणून लोक क्वेऱ्या, म्हणजे डेटाबेसला विचारायचे प्रश्न, दुरुस्त करत बसतात. बंद पडलं असतं तर निदान कळलं तरी असतं. पण हे लिहितानाही त्या बाकड्यांवरची माणसं आठवतात, आणि बंद पडणं बरं असं म्हणवत नाही.

आता प्रत्येक ग्राहकाच्या फाइलची एक प्रत मी स्वतःजवळ ठेवतो. ऑडिटवाल्यांना ते पटत नाही आणि त्यांचं म्हणणं चूक नाही. तरी ठेवतो.