अक्कांचा डबा

परवा दुपारी रव्यात किडे झाले म्हणून डबा रिकामा केला. रवा चाळून कागदावर उन्हात पसरला, डबा घासला आणि पुसता पुसता बुडाशी बोटाला काहीतरी खरखरीत लागलं. ठिपक्याठिपक्यांनी घातलेलं नाव. आधी राखेनं, मग पावडरीनं आणि आता तारेच्या घासणीनं जवळजवळ गेलेलं. उजेडात तिरका धरला की तेवढं दिसतं. अक्षरं कन्नड. डबा आमचा नाही.

म्हणजे चाळीस वर्षं आमच्याकडंच आहे. पण आमचा नाही.

बेळगावच्या वडगावात राहायचो तेव्हा भिंतीला भिंत लागून एक विणकर कुटुंब भाड्यानं असायचं. दिवसभर मागाची खटखट; ती थांबली की आम्हाला चुकल्यासारखं व्हायचं. त्या घरातल्या बाईंना आई अक्का म्हणायची, म्हणून आम्हीही अक्काच. अक्का कन्नडात सुरू करून मराठीत संपवायच्या, आई मराठीत सुरू करून कन्नडात अडकायची. एका नागपंचमीला या डब्यातून उंड्या, म्हणजे लाडू, आल्या. शेंगदाण्याच्या, तिळाच्या, बेसनाच्या. दोन दिवसांत डबा रिकामा झाला आणि पंचाईत सुरू झाली.

भांडं रिकामं कसं परत द्यायचं? चमचाभर साखर घालून दिलं असतं तरी चाललं असतं. पण एवढ्या उंड्यांवर साखर? आईला ते बरं दिसेना. “दिवाळीच्या चकल्या घालून देऊया की,” म्हणाली. दिवाळीच्या तोंडावर घरात सुतक आलं, तळण झालंच नाही. मग संक्रांत ठरली. तेवढ्यात अक्कांचं बिऱ्हाड रबकवीला हललं. टेंपो निघाला तेव्हा आई दारात डोळे पुसत उभी होती आणि डबा आत फळीवर होता. तिला तो रात्री भाकरी थापताना आठवला. ती भाकरी करपली.

“डबाच तर आहे,” बाबा म्हणाले.

“नाव हाय की त्यावर,” आई म्हणाली.

पुढं शाळेत कन्नड आलं. फळ्यावरची बाराखडी सोडली तर मी स्वतःहून लावून वाचलेलं पहिलं कन्नड म्हणजे त्या डब्यावरचं नाव. मोठ्यानं वाचून दाखवलं. वाटलं, शाबासकी मिळेल. आईनं डबा काढून घेतला आणि नाव भिंतीकडं करून ठेवला.

मराठीच्या तासाला ‘सदसद्विवेकबुद्धी’ आली ती शुद्धलेखनाची शिक्षा म्हणूनच. तीनदा ‘द’, जोडाक्षरं, आणि लिहून होईपर्यंत पाप करायची इच्छाच उरू नये अशी लांबी. कन्नडात तिला सरळ ‘मनस्साक्षी’ म्हणतात. मला तोच शब्द आवडतो. साक्षीत ‘अक्ष’ आहे, म्हणजे डोळा. साक्षीदार काही हात धरत नाही. बघतो, आणि नंतर सांगतो. आमच्या आईचाही साक्षीदार टेंपो वळल्यावरच बोलला. विवेक म्हणजे मात्र वेगळं काढणं, निवडणं. ते काम मी परवा चाळणी घेऊन करतच होतो म्हणा.

काँग्रेसचं अध्यक्षपद गांधीजींनी आयुष्यात एकदाच घेतलं, डिसेंबर १९२४ मध्ये, आमच्या बेळगावात. त्या अधिवेशनाच्या पाण्यासाठी खणलेली विहीर टिळकवाडीत अजून आहे. शाळेची सहल तिथं गेली तेव्हा गुरुजींनी सांगितलं, की गांधीजींना आतला आवाज ऐकू यायचा, १९३३ साली येरवड्याच्या तुरुंगात तो आवाज ऐकूनच त्यांनी एकवीस दिवसांचा उपास धरला. आम्ही लगेच विहिरीत डोकावून ‘ओ’ दिला. आतून ‘ओ’ आला. पोरं खूश. सगळे पुढं गेल्यावर मी पुन्हा वाकलो आणि हळूच म्हणालो, “डबा.” काही आलं नाही. हळू बोललेलं विहीर परत देत नाही.

आता खरी गोष्ट सांगतो. नोकरीतली पहिली चार वर्षं मी घरभाड्याच्या खोट्या पावत्या जोडून टॅक्स वाचवला. राहत होतो स्वतःच्या घरात. एक रात्र झोप उडाली नाही. आजही लिहितोय ते डब्याबद्दल, पावत्यांची आठवण मध्येच झाली एवढंच. साक्षीदार असा निवडक कसा काय, कुणास ठाऊक. की पावतीवर असलेलं नाव कुणाच्या हातच्या उंड्यांचं नव्हतं म्हणून?

शेवटच्या दोन वर्षांत आईच्या डोक्यातून एकेक जण उतरत गेला. माझ्या मुलाला ती माझ्या मामाच्या नावानं हाक मारायची. पण शिऱ्याला रवा कुठं आहे विचारलं, की आतल्या खोलीतून आवाज यायचा, “अक्कांच्या डब्यात बघ.” आमच्या घरात त्याला दुसरं नावच पडलं नाही.

हापिसात एक जण रबकवीचा आहे. “आडनाव सांगा, गल्ली शोधून काढतो,” म्हणाला. मी चहा मागवला आणि विषय मागाकडं वळवला. सापडल्या, तर डबा द्यावा लागणार. आणि रिकामा कसा देणार? चकल्या आम्ही आता विकतच्या आणतो.